तान्ह्याचं पोट उडतंय: ब्रॉन्किओलायटिसचा उपचार नेमका असतो तरी काय

गणपती आले-गेले, पाऊस सरत आला की आमच्या ओपीडीत एक ठरावीक दृश्य सुरू होतं. चार महिन्यांचं बाळ आईच्या खांद्यावर. नाक गळतंय, झबल्याच्या आत पोट भराभर वरखाली होतंय, श्वास सोडताना छातीतून घरघर ऐकू येते. थोरल्या बहिणीला चार दिवसांपूर्वी सर्दी झालेली, आणि ती अंगणवाडीतून आली की पहिल्यांदा बाळाचा मुका घेते. मागे आजी उभ्या असतात. "मॅडम, छाती भरलीय त्याची. वाफ द्या, एखादं इंजेक्शन द्या, पण रात्री त्याला झोप लागू द्या."

मी बाळाला तपासते, श्वास मोजते आणि सांगते, "याला वाफ नको, इंजेक्शन नको, अँटिबायोटिकही नको." मग आजींच्या चेहऱ्यावर जे येतं ते मला पाठ झालंय. एवढं लेकरू धापतंय आणि ही बाई काहीच करणार नाही! म्हणून हे सविस्तर लिहिते आहे. या आजारात करायचं पुष्कळ असतं. फक्त ते बाटलीत किंवा सुईत मिळत नाही.

आत काय बिघडलेलं असतं

श्वासनलिका छातीत उतरली की तिला झाडासारख्या फांद्या फुटत जातात. फांदीला डहाळी, डहाळीला आणखी बारीक डहाळी. अगदी शेवटच्या बारीक नळ्या एक मिलिमीटरपेक्षाही अरुंद असतात. त्यांना ब्रॉन्किओल म्हणतात आणि त्यांना विषाणूमुळे आलेली सूज म्हणजे ब्रॉन्किओलायटिस. हा आजार दोन वर्षांखालच्या मुलांचा, आणि त्यातही सहा महिन्यांच्या आतल्या बाळांना जास्त छळणारा.

बहुतेक वेळा कारण असतो आरएसव्ही नावाचा विषाणू. १९५६ साली अमेरिकेत सर्दी झालेल्या चिंपांझींमध्ये तो पहिल्यांदा सापडला, आणि पुढच्याच वर्षी आजारी तान्ह्या मुलांतही मिळाला. तो इतका सर्रास आहे की दुसऱ्या वाढदिवसापर्यंत जवळपास प्रत्येक मुलाला एकदा तरी होऊन जातो. ऱ्हायनोव्हायरस, मेटान्यूमोव्हायरस, पॅराइन्फ्लुएन्झा हेही हाच आजार आणतात. नेमका कोणता विषाणू आहे हे शोधायला महागडी तपासणी करून घेण्याची बहुतेक बाळांना गरज नसते, कारण त्यानं उपचार बदलत नाही.

हा विषाणू नळीच्या आतल्या अस्तरात शिरतो. तिथल्या पेशी मरून गळून पडतात, अस्तर सुजतं, चिकट स्राव वाढतो, आणि या सगळ्याचा मिळून नळीत बूच बसतो. काही नळ्या पूर्ण बंद होतात आणि त्यांच्यापुढचा फुप्फुसाचा भाग मिटून जातो. काही ठिकाणी हवा आत जाते पण बाहेर पडत नाही आणि छाती फुगून राहते.

बापाला याच विषाणूनं नुसती सर्दी होते आणि बाळाला धाप लागते, यामागे साधं गणित आहे. नळीची रुंदी निम्मी झाली तर हवेला होणारा अडथळा दुप्पट होत नाही, सोळापट होतो. मोठ्या माणसाच्या नळीत एवढीशी सूज खपून जाते. बाळाची नळी मुळातच दोऱ्याएवढी, तिथे तेवढ्याच सुजेनं वाट अडते.

मग वाफेनं का सुटत नाही

आमच्या भागात निम्म्या शेतात ठिबक आहे, म्हणून मी आईबापांना ठिबकचंच उदाहरण देते. नळीतून पाणी येईना, तर दोन गोष्टी असू शकतात. एक, नळीवर कुणाचा तरी पाय पडलाय. पाय उचलला की पाणी सुरू. दोन, नळीत क्षार आणि गाळ साचलाय. तिथे पाय उचलून काय होणार?

दमा हा पहिल्या प्रकारचा. त्यात नळीभोवतीचे स्नायू आवळले जातात. नेब्युलायझर म्हणजे दवाखान्यातलं वाफेचं यंत्र. त्यातलं साल्ब्युटामॉल किंवा लेव्होसाल्ब्युटामॉल हे औषध ते स्नायू सैल करतं आणि मुलाला पाच-दहा मिनिटांत बरं वाटतं. ब्रॉन्किओलायटिस दुसऱ्या प्रकारचा. इथे नळी आतून तुंबलेली आहे. स्नायू सैल करून बूच निघत नाही. उलट बाळाच्या हृदयाचे ठोके वाढतात, हातपाय थरथरतात, ते आणखी किरकिरं होतं.

वेगवेगळ्या देशांत यावर चाचण्या झाल्या. अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेनं २०१४ साली आपल्या मार्गदर्शक सूचनांत स्पष्ट लिहिलं की या बाळांना साल्ब्युटामॉल देऊ नका, अ‍ॅड्रिनॅलिनची वाफ नको, स्टेरॉइड नको, छातीवर थापट्या मारून कफ सुटवण्याचा व्यायामही नको. ब्रिटनच्या २०१५ सालच्या सूचनाही याच वाटेनं जातात. अँटिबायोटिक जिवाणूंना मारतं. इथे विषाणू आहे, त्यामुळे बाळाच्या वाट्याला फक्त जुलाब येतात. दम्यात देतात त्या मॉन्टेल्युकास्टच्या गोड पुड्या आणि सिरपही या आजारात उपयोगी नाहीत.

नोकरीच्या सुरुवातीच्या वर्षांत मी स्वतः प्रत्येक घरघरणाऱ्या बाळाला नेब्युलायझर लावत असे. वाफेनंतर बाळ शांत झालेलं दिसायचं आणि मला वाटायचं, औषध लागू पडलं. पुढे मी वाफेआधी आणि वाफेनंतर एक-एक मिनिट श्वास मोजून लिहून ठेवायला लागले. आकडे जवळजवळ तेच. बाळ शांत व्हायचं ते आईच्या मांडीवर वीस मिनिटं ताठ बसल्यानं, ओलसर हवेनं नाक थोडं मोकळं झाल्यानं, कधी रडून दमल्यानं. ते कागद समोर ठेवून मला माझी सवय मोडावी लागली, आणि ती मोडायला वेळ लागला.

एक मात्र सांगायला हवं. घरघर म्हणजे ब्रॉन्किओलायटिसच असं नाही. मूल दीड-दोन वर्षांचं आहे, याआधी तीन-चारदा असंच झालंय, घरात कुणाला दमा आहे, अशा वेळी चित्र वेगळं असतं आणि तिथे वाफ किंवा पंप खरोखर कामाला येतो. तुमच्या मुलाला डॉक्टरांनी पंप सुरू केला असेल तर हा लेख वाचून तो बंद करू नका.

एक्स-रेचंही तसंच. मिटलेल्या फुप्फुसाचा पांढरा डाग न्यूमोनियासारखा दिसतो, मग अँटिबायोटिक सुरू होतं, मग इंजेक्शनसाठी भरती. साध्या ब्रॉन्किओलायटिसला एक्स-रे लागत नाही.

आणि खोकल्याचं सिरप? नको म्हणजे नको. २०२५ च्या सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये छिंदवाड्याकडची लहान मुलं मूत्रपिंडं निकामी होऊन नागपूरच्या रुग्णालयांत आणली गेली आणि त्यांतली कित्येक वाचली नाहीत. सिरपमध्ये डायएथिलीन ग्लायकॉल हे विष निघालं. त्यानंतर केंद्राच्या आरोग्य खात्यानं दोन वर्षांखालच्या मुलांना सर्दी-खोकल्याची औषधं देऊ नयेत असं पुन्हा बजावलं. विष नसलेलं सिरपसुद्धा एवढ्या लहान जिवाला फायदा करत नाही. खोकला हाच त्याचा गाळ बाहेर काढायचा मार्ग आहे, तो दाबायचा कशाला?

दिवस मोजा

या आजाराला स्वतःची चाल आहे आणि ती माहीत असली की निम्मी घाबरगुंडी कमी होते. पहिले दोन-तीन दिवस नुसती सर्दी, थोडा ताप. मग खोकला आणि धाप. तिसऱ्या ते पाचव्या दिवसात आजार सगळ्यात जोरात असतो. नंतर उतार लागतो, पण सावकाश. म्हणून माझा पहिला प्रश्न असतो, "नाक कधीपासून वाहतंय?" दुसऱ्या दिवशी आणलेलं बाळ आज बरं दिसत असलं तरी उद्या-परवा वाढू शकतं, हे मी सांगून ठेवते. सहाव्या दिवशी आणलेलं बाळ तेवढंच धापत असलं तरी ते बहुधा उताराला लागलेलं असतं.

खोकला मात्र रेंगाळतो. दहातल्या नऊ बाळांचा तीन आठवड्यांत जातो. नळीच्या अस्तरावर बारीक केसांसारखे तंतू असतात, ते घाण वर ढकलत राहतात. विषाणूनं झडलेले हे तंतू पुन्हा उगवून कामाला लागायला साधारण दोन आठवडे जातात. तोवर झाडूचं काम खोकलाच करतो. आठव्या दिवशी "अजून खोकतोय" म्हणून तिसरा डॉक्टर आणि चौथं सिरप गाठणारे पालक मी रोज पाहते.

घरी करायचं काम

सगळ्यात मोठं काम नाकाचं. पहिले काही महिने बाळ प्रामुख्यानं नाकानंच श्वास घेतं. तोंडानं दूध ओढताना तर त्याला नाकाशिवाय वाटच नसते. नाक चोंदलं की ते दोन घोट घेतं, सोडतं, रडतं, पुन्हा पकडतं. घरच्यांना वाटतं भूक मेली. भूक असते, पण श्वास की दूध यातलं एकच त्याला जमत असतं.

औषधाच्या दुकानात साध्या मिठाच्या पाण्याचे नाकाचे थेंब मिळतात, स्वस्त असतात. फक्त सलाइन असलेलेच मागा, नाक उघडणाऱ्या औषधाचे नकोत. पाजण्याआधी बाळाला मांडीवर आडवं घ्या, प्रत्येक नाकपुडीत दोन थेंब सोडा. ते ठसकेल, शिंकेल, रागावेल. एक मिनिट थांबा. मग रबरी फुग्याच्या पिचकारीनं तोंडाशी आलेला शेंबूड हलक्या हातानं ओढून घ्या. पिचकारी आधी दाबायची, मग नाकपुडीच्या तोंडाशी टेकवायची, मग सोडायची. आत खोल घालायची नाही, त्यानं आतली त्वचा सोलवटते आणि सूज वाढते. पिचकारी नसेल तर मऊ सुती कापडाची वळी पुरते. हे झालं की लगेच पाजा. ओपीडीत मी हे स्वतः करून दाखवते. मघाशी छातीपासून तोंड फिरवणारं बाळ सलग पाच-सहा मिनिटं पीत राहिलं की आजींचा चेहरा पहिल्यांदा सैल होतो.

दूध थोडं थोडं, पण वारंवार पाजायचं. एरवी तीन तासांनी पिणारं बाळ दर दीड तासानं घ्या. आईचं दूध सगळ्यात उत्तम. आईनं केळं खाल्लं, दही खाल्लं म्हणून बाळाला कफ झाला, असं म्हणून बाळंतिणीचं जेवण तोडू नका. आजार विषाणूनं आलाय, तिच्या ताटातून नाही. सहा महिन्यांखालच्या बाळाला वरचं पाणी, काढा, घुटी काही नको.

नेहमीच्या निम्म्याहून कमी दूध जातंय किंवा बारा तासांत बाळानं शू केली नाही, तर घरी थांबायचं नाही.

आणि श्वास मोजायला शिका. मोबाइलवर एक मिनिटाचं टायमर लावा. बाळ झोपलेलं किंवा शांत हवं. रडताना आणि पिताना मोजलेला आकडा खोटा असतो. झबलं वर करा आणि पोटाकडे बघा. पोट एकदा वर जाऊन खाली आलं की एक. पूर्ण साठ सेकंद मोजा, पंधरा सेकंद मोजून चारनं गुणू नका, तान्ह्यांचा श्वास एकसारखा चालत नाही. दोन महिन्यांखाली मिनिटाला ६० किंवा जास्त, दोन महिने ते एक वर्ष ५० किंवा जास्त, त्यापुढे पाच वर्षांपर्यंत ४० किंवा जास्त, हे जलद श्वसन समजतात. आशाताई आणि अंगणवाडीताईंनाही हेच आकडे शिकवलेले असतात. बोटाला लावायचा ऑक्सिमीटर मोठ्यांच्या बोटासाठी असतो, बाळाच्या बोटावर तो भलतेच आकडे दाखवतो. त्याच्यापेक्षा तुमचे डोळे बरे.

आकड्याइतकंच बघायचं ते छातीकडे. श्वास घेताना बरगड्यांच्या खालची जागा आत खचते का, नाकपुड्या फुलतात का, प्रत्येक श्वासाला बाळ कण्हतंय का? ओठ-जीभ निळसर, अंग ढिलं, हाक मारूनही नजर देत नाही, किंवा श्वास मध्येच काही क्षण थांबतो, यातलं एकही दिसलं तर त्याच क्षणी दवाखाना गाठा, वाहन नसेल तर १०८ ला फोन करा. दोन महिन्यांच्या आतलं आणि दिवस भरायच्या आधी जन्मलेलं बाळ तर फारशी धाप न लागता थेट श्वास थांबवू शकतं. अशा बाळांना, तसंच जन्मतः हृदयाचा दोष, फुप्फुसाचा जुना आजार किंवा डाऊन सिंड्रोम असलेल्या बाळांना सर्दी झाली की वाट न बघता दाखवून घ्या.

आता जरा अवघड विषय. आपल्याकडे न्हाऊ घातल्यावर बाळाला ओवा, वावडिंग, उदाची धुरी देतात. ती देणाऱ्या हातांत माया असते हे मला माहीत आहे, मीही त्याच धुरीत वाढले. पण धूर तो धूरच. सुजलेल्या नळ्यांना तो आणखी सुजवतो, चुलीचा असो, उदबत्तीचा असो की बाबांच्या विडीचा. कापूर घातलेलं तेल छातीला चोळू नका. कापूर तान्ह्याच्या कातडीतून आणि श्वासातून आत जातो आणि त्यानं झटके आलेली बाळं डॉक्टरांनी पाहिली आहेत. नाकात तेल सोडलं तर ते फुप्फुसात उतरून वेगळाच न्यूमोनिया करतं. मध एक वर्षापर्यंत चाटवायचा नाही, त्यात बॉट्युलिझम या गंभीर विषबाधेचे जंतू असू शकतात. मेळघाटात पोट उडणाऱ्या बाळाच्या पोटावर चटके देतात, त्याला डंबा म्हणतात. पोट उडतं म्हणून दोष पोटाचा वाटतो. पण पोट उडतंय ते छातीला मदत करायला, आणि भाजलेल्या पोटानं बाळाला श्वास घेणं आणखी कठीण होतं. तिथल्या आईला दोष देऊन काही साधत नाही, तिच्या पाड्यापर्यंत श्वास मोजणारं माणूस पोचायला हवं.

भरती केलं तर

"तिथेही औषध नाही, तर भरती कशाला?" हा प्रश्न रास्त आहे. भरती करतो ती बाळाला दोन-चार दिवस तग धरता यावी म्हणून.

ऑक्सिजन कमी पडत असेल तर नाकाशी बारीक नळी लावून देतो. सहा आठवड्यांपुढच्या, एरवी निरोगी बाळाच्या रक्तातल्या ऑक्सिजनचं प्रमाण ९० टक्क्यांच्या खाली टिकून राहिलं तर ऑक्सिजन लागतो, त्याहून लहान बाळाला ९२ च्या खाली. आधी ९४ चा आग्रह असे. ब्रिटनमधल्या आठ रुग्णालयांत ६१५ बाळांवर केलेला अभ्यास २०१५ साली आला. त्यात ९० ची मर्यादा ठेवलेली बाळं तितक्याच सुरक्षितपणे बरी झाली आणि घरीही लवकर गेली.

बाळाला ओढायची ताकद नसेल तर नाकातून पोटात नळी घालून आईचंच दूध काढून देतो. ही नळी पाहून घरचे सगळ्यात जास्त घाबरतात. खरं तर ती बाळाची मेहनत वाचवते. श्वासावर खर्च होणारी ताकद दूध ओढण्यात जात नाही. तेही पेलवत नसेल तर सलाइन.

धाप त्याहून वाढली तर हाय-फ्लो नावाचं यंत्र, ते कोमट, ओलसर हवा आणि ऑक्सिजन जोरानं नाकात सोडतं. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडमध्ये १,४७२ बाळांवर झालेल्या चाचणीत, २०१८ साली, साध्या ऑक्सिजनवरच्या २३ टक्के बाळांना पुढचे उपचार लागले, हाय-फ्लोवरच्या १२ टक्क्यांना. पण भरतीचे दिवस काही कमी झाले नाहीत. त्यामुळे प्रत्येक बाळाला पहिल्याच तासाला हे महागडं यंत्र लावायची घाई नको, साध्या ऑक्सिजननं भागत नसेल तेव्हा ते हाताशी असलं म्हणजे झालं. आणि यंत्र नसेल तिथेही मार्ग निघतो. ढाक्यात डॉक्टर मोहम्मद जोबायेर चिश्ती यांनी शाम्पूच्या रिकाम्या बाटलीत पाणी भरून त्यात श्वासाच्या नळीचं टोक बुडवलं. बुडबुड्यांच्या दाबानं फुप्फुसं मिटत नाहीत. तीव्र न्यूमोनियाच्या मुलांवर केलेल्या त्यांच्या चाचणीत साध्या ऑक्सिजनवरची १५ टक्के मुलं दगावली, बुडबुड्यांच्या दाबावरची ४ टक्के. फारच थोड्या बाळांना व्हेंटिलेटर लागतो.

आधीच टाळता येईल का

बऱ्याच अंशी. घरात कुणालाही सर्दी असेल तर बाळाला घेण्याआधी साबणानं हात धुवा, आणि मुका पायाचा घ्या, तोंडाचा नाही. हा विषाणू टेबल-खेळण्यांवर काही तास जिवंत राहतो. बारशाला, गणपती बघायला दोन महिन्यांचं बाळ गर्दीत फिरवू नका.

लसीची गोष्ट मोठी आहे. १९६० च्या दशकात अमेरिकेत केलेल्या पहिल्या लसीनं उलटच झालं. लस घेतलेल्या बाळांना आजार अधिक तीव्र झाला आणि दोन बाळं गेली. पुढची कित्येक दशकं या लसीच्या वाटेला जायला सगळे कचरत होते. २०१३ साली विषाणूच्या पृष्ठावरच्या एका प्रथिनाचं, तो पेशीला चिकटण्यापूर्वीचं रूप उलगडलं, तेव्हा वाट सापडली. आज दोन मार्ग आहेत. गरोदरपणाच्या शेवटच्या महिन्यांत आईला लस द्यायची, म्हणजे बाळ तयार अँटिबॉडी घेऊनच जन्मतं. किंवा बाळालाच नर्सेव्हिमॅब नावाच्या अँटिबॉडीचं एक इंजेक्शन द्यायचं. २०२३ मध्ये अमेरिकेत दोन्हींना मान्यता मिळाली. हे लिहिताना आपल्या सरकारी लसीकरणाच्या वेळापत्रकात यातलं काही नाही. याची खरी गरज मात्र आपल्यासारख्या देशांनाच आहे. २०१९ साली जगात पाच वर्षांखालची एक लाखाहून जास्त मुलं आरएसव्हीनं गेली असा अंदाज आहे, आणि त्यांतली ९७ टक्के गरीब व मध्यम उत्पन्नाच्या देशांतली होती.

सुरुवातीच्या त्या बाळाचा श्वास पहिल्या दिवशी ५६ होता, ऑक्सिजन ९५, दूध निम्म्याहून जास्त जात होतं. मी त्याला घरी पाठवलं, पिचकारी आणि थेंब देऊन, आणि आजींना टायमर लावायला शिकवून. दुसऱ्या दिवशी त्या पुन्हा आल्या, आकडा ५८. मी ऑक्सिजन पुन्हा पाहिला, पाजताना पाहिलं आणि परत घरी पाठवलं. त्यानंतर रोज सकाळी सुनेच्या फोनवरून आजींचा निरोप यायचा. ५४. ५०. सहाव्या दिवशी सकाळी फोनच आला. "मॅडम, आज बेचाळीस. दोनदा मोजले."